हप्ता पगारातून कापला, पण कर्जखात्यात जमा नाही: बडोद्यातल्या नोकरदारांनी काय करावं आणि कोणत्या क्रमाने

मकरपुरा जीआयडीसी, नंदेसरी, पोर, सावली या पट्ट्यांत काम करणाऱ्या मराठी घरांतून एक तक्रार वारंवार ऐकू येते. पगार स्लिपवर कर्जाचा हप्ता कापलेला दिसतो आणि तरीही बँकेचा किंवा पतसंस्थेचा फोन येतो, ‘तुमचे दोन हप्ते थकलेत.’ मग माणूस रागाने बँकेत जातो, तिथे भांडतो, कंपनीत येऊन अकाउंट्सवाल्याशी भांडतो, आणि दोन्हीकडून ‘बघतो’ एवढंच ऐकून परततो. लेखी काहीच होत नाही. सहा महिन्यांनी थकबाकी वाढलेली, सिबिल बिघडलेलं, आणि जामीनदाराचे संबंध तुटलेले.

यात गोष्ट अवघड नाही, क्रम चुकतो. कपात होणं आणि भरणा होणं या दोन वेगळ्या घटना आहेत आणि पगार स्लिप फक्त पहिलीचा पुरावा आहे. हे एकदा मनात पक्कं केलं की खालचे टप्पे आपोआप लागतात.

## टप्पा १: आधी ठरवा, कर्ज कोणत्या प्रकारचं आहे

मालकाची जबाबदारी किती, हे यावर ठरतं. म्हणून एकही पत्र लिहिण्याआधी हे बघा.

कंपनीने स्वतः दिलेली उचल किंवा कर्ज. इथे कापणारा आणि घेणारा एकच. भरणा न होण्याचा प्रश्न नाही; वाद होतो तो शिल्लक किती राहिली यावर. कंपनीकडून लेखी हिशेब मागा, बस.

कर्मचारी पतसंस्थेचं कर्ज. बडोद्यात जुन्या कारखान्यांतून ‘क्रेडिट सोसायटी’ किंवा ‘मंडळी’ म्हणतात ती. गुजरात सहकारी संस्था अधिनियम, १९६१ मध्ये यासाठी खास तरतूद आहे. सभासदाने ‘माझ्या पगारातून कापा’ असा करार लिहून दिला आणि संस्थेने मालकाला लेखी मागणीपत्र पाठवलं, की कापून भरणं मालकावर बंधनकारक होतं. त्याने चुकवलं तर संस्था ती रक्कम मालकाकडून वसूल करू शकते. तीन प्रकारांत कामगाराची बाजू इथे सर्वांत भक्कम असते.

बँकेचं किंवा वित्त कंपनीचं कर्ज, ज्याचा हप्ता मालक कापून पाठवतो. वेतन संहिता, २०१९ मधल्या कपातींच्या यादीत सहकारी संस्थेचा हप्ता नाव घेऊन दिलेला आहे, बँकेच्या वैयक्तिक कर्जाचा तसा दिलेला नाही. त्यामुळे इथे सगळा भार कागदावर: तुमचं संमतीपत्र, आणि मालकाने बँकेला दिलेलं हमीपत्र किंवा तिघांमधला करार.

चौथा एक प्रकार लोक यात चुकून मिसळतात. हप्ता तुमच्या पगार खात्यातून बँकच नाच मँडेटने (खात्यातून हप्ता आपोआप वळता करण्याची तुम्ही दिलेली परवानगी) ओढत असेल, तर मालकाचा त्याच्याशी संबंध नाही. तो फक्त वेळेवर पगार देण्याला बांधील आहे, म्हणजे मासिक पगार पुढच्या महिन्याच्या ७ तारखेपर्यंत.

> तपासा: स्लिपच्या ‘कपात’ रकान्यात हप्ता दिसतो का? दिसत नसेल आणि फक्त बँक स्टेटमेंटमध्ये दिसत असेल, तर हा लेख तुमच्या प्रश्नाचा नाही.

## टप्पा २: कागद जमवा, तोंडी चौकशी थांबवा

तोंडी विचारपूस केली की समोरचा सावध होतो आणि तुमच्या हातात काही राहत नाही. आधी हे जमवा:

- निदान मागच्या बारा महिन्यांच्या पगार स्लिपा. वेतन संहितेच्या कलम ५० प्रमाणे स्लिप देणं मालकाचं कर्तव्य आहे. मिळत नसेल तर ती मागणारं एक ओळीचं ईमेलही पुरावा ठरतं.
- पगार खात्याचं स्टेटमेंट. हातात आलेली रक्कम स्लिपवरच्या निव्वळ पगाराशी जुळली पाहिजे.
- कर्जखात्याचं स्टेटमेंट. बँकेकडून शिक्क्यानिशी घ्या. पतसंस्था असेल तर पासबुक भरून घ्या आणि सोबत खातेउतारा मागा.
- कर्ज घेताना सह्या केलेला करार आणि कपातीचं संमतीपत्र. आपल्याकडे प्रत नसते, कारण त्या दिवशी चेकवरच लक्ष असतं. कर्ज देणाऱ्याकडून लेखी अर्जाने मागून घ्या.
- मालकाने बँकेला दिलेलं हमीपत्र. नवखा माणूस नेमका हाच कागद विसरतो आणि पुढचा अर्धा निकाल यावर अवलंबून असतो.

हमीपत्रात दोन गोष्टी शोधा. ‘कापून इतक्या तारखेपर्यंत पाठवू’ असं मालकाने स्वतः लिहून दिलं आहे का? आणि ‘नोकरी सुटल्यास कळवू, अंतिम देण्यातून कापू’ असं म्हटलं आहे का? ही वाक्यं असतील तर बँक मालकाला थेट जाब विचारू शकते. नसतील तर बँक तुम्हालाच धरेल आणि तुम्हाला मालकाकडून वसूल करावं लागेल.

> सावधान: व्हॉट्सअ‍ॅपवर अकाउंटंटने पाठवलेला ‘झालं आहे’ हा मेसेज जपून ठेवा, पण त्यावर थांबू नका. भरणा झाला असेल तर यूटीआर क्रमांक, म्हणजे बँकेतून पैसे पाठवल्याचा व्यवहार क्रमांक, असतोच. तो मागा.

## टप्पा ३: महिनावार जुळवणी

हे काम एका रविवारी दुपारी होतं आणि इथे घाई केली की पुढचं सगळं डळमळतं. कागदावर सहा रकाने आखा: महिना, स्लिपवरची कपात, पगाराची तारीख, कर्जखात्यात जमा झालेली रक्कम, जमा तारीख, फरक.

समजा तुम्ही एका युनिटमध्ये फिटर आहात आणि सोसायटीचा हप्ता ३,८५० रुपये आहे. तक्ता असा निघू शकतो:

| महिना | कपात | पगार | जमा | जमा तारीख | फरक |
|---|---|---|---|---|---|
| एप्रिल | ३,८५० | ७ मे | ३,८५० | १२ मे | नाही |
| मे | ३,८५० | ६ जून | ३,८५० | २९ जुलै | ५३ दिवस उशीर |
| जून | ३,८५० | ७ जुलै | ३,५८० | २९ जुलै | २७० कमी |
| जुलै | ३,८५० | ७ ऑगस्ट | नाही | नाही | ३,८५० |

वरवर बघितलं तर ‘कंपनी पैसे खाते’ एवढंच वाटेल. नीट बघा, इथे तीन वेगळी दुखणी आहेत. मे महिन्याचे पैसे पोहोचले, पण उशिरा, म्हणजे प्रश्न विलंबामुळे लागलेल्या व्याजाचा. जूनमध्ये आकड्यांची अदलाबदल झाली आहे, ८५० चे ५८०. ही बहुधा यादी टंकताना झालेली चूक आणि एका पत्राने सुटणारी. खरा न झालेला भरणा फक्त जुलैचा. म्हणजे आजची मागणी ४,१२० रुपये मूळ, अधिक मेच्या विलंबाचा भुर्दंड. ‘माझे चार महिन्यांचे पैसे बुडाले’ असं लिहून गेलात तर मालक एप्रिलची पावती दाखवेल आणि तुमचा पूर्ण अर्जच खोटा ठरवेल.

जुळवणी करताना आणखी दोन गोष्टी हमखास सापडतात. एक, कंपनी सगळ्यांचे हप्ते एकत्र एका रकमेत पाठवते आणि सोबत यादी देते. यादीत खाते क्रमांक चुकला की पैसे बँकेच्या अडकलेल्या रकमांच्या खात्यात पडून राहतात. कंपनीच्या एकाच विभागात तीन शिंदे आणि दोन जाधव असले की हप्ता दुसऱ्याच्या नावे पडणंही घडतं. दुसरं, हप्त्याची तारीख ५ आणि पगार ७ तारखेला. असा हप्ता दर महिन्याला दोन दिवस उशिराच दिसणार, मालक कितीही प्रामाणिक असो. त्यावर उपाय भांडण नाही. बँकेकडून हप्त्याची तारीख बदलून घ्या.

> तपासा, अर्ध्याची मर्यादा: वेतन संहितेप्रमाणे सर्व कपाती मिळून त्या महिन्याच्या वेतनाच्या ५० टक्क्यांवर जाऊ शकत नाहीत. जुन्या वेतन प्रदान कायद्यात सहकारी संस्थेचा हप्ता असेल तर ७५ टक्क्यांपर्यंत मुभा होती, ती डोक्यातून काढा. वेतन २४,००० असेल, पीएफ १,८००, सोसायटी ७,२००, बँक ४,५००, तर बेरीज १३,५०० होते, मर्यादा १२,०००. इथे मालकाने हप्ता पूर्ण कापला नाही तर तो दोषी नाही. फरकाचे १,५०० तुम्ही स्वतः भरायचे आहेत. बिनपगारी रजेच्या महिन्यात हा घोळ सर्वाधिक होतो.

## टप्पा ४: मालकाला पत्र

पहिलं पत्र मालकालाच, बँकेला नाही. कारण पुढे प्रत्येक ठिकाणी पहिला प्रश्न ‘मालकाला कळवलं होतं का?’ हाच येतो. भाषा साधी, आरोप नाही, आकडे तक्त्यातले:

> विषय: पगारातून कापलेल्या कर्ज-हप्त्यांच्या भरण्याबाबत
>
> माझ्या मे, जून व जुलै या महिन्यांच्या पगारातून कर्जखाते क्र. ______ साठी प्रत्येकी ३,८५० रुपये कापले आहेत. खातेउताऱ्याप्रमाणे मेचा हप्ता २९ जुलै रोजी उशिरा, जूनचा २७० रुपये कमी, आणि जुलैचा आजपर्यंत जमा नाही. तक्ता व प्रती सोबत जोडल्या आहेत.
>
> कृपया सात दिवसांत (१) जमा न झालेले ४,१२० रुपये भरावेत, (२) भरण्याचे यूटीआर क्रमांक व खातेनिहाय यादी द्यावी, (३) विलंबामुळे माझ्या खात्यावर लागलेली रक्कम भरून द्यावी. कपातीची माझी संमती कायम आहे.

शेवटचं वाक्य मुद्दाम आहे. रागाच्या भरात ‘यापुढे माझ्या पगारातून कापू नका’ असं लिहिणारे खूप जण आहेत. त्याने कर्जाच्या कराराचा भंग तुमच्याकडून होतो आणि चेंडू मालकाच्या कोर्टातून तुमच्या कोर्टात येतो. कपात थांबवायचीच असेल तर आधी बँकेची लेखी मान्यता घ्या, नाच मँडेट लावा, आणि मगच कंपनीला कळवा.

पत्र घरी मराठीत लिहिलंत तरी देताना गुजराती किंवा इंग्रजीत द्या. पुढे हीच प्रत सरकारी कार्यालयात लागणार आहे आणि तिथे भाषांतरापायी आठवडे जातात. पोच म्हणून शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का द्यायला नकार दिला तर ईमेल करा आणि स्पीड पोस्टनेही पाठवा. १ सप्टेंबर २०२५ पासून रजिस्टर्ड पोस्ट स्पीड पोस्टमध्येच विलीन झालं आहे, तेव्हा पोहोचल्याच्या पुराव्यासह स्पीड पोस्ट मागा.

कंत्राटदाराकडून कामावर असाल तर पत्र कंत्राटदाराला आणि प्रत मूळ कंपनीला. कंत्राटदाराने वेतन बुडवलं तर ते देण्याची जबाबदारी मूळ मालकावर येते, हे तत्त्व १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्यापासून चालत आलेलं आहे आणि नव्या संहितेतही टिकलं आहे. मूळ कंपनीच्या एचआरला प्रत गेली की कंत्राटदार सहसा लवकर हलतो.

## टप्पा ५: त्याच आठवड्यात कर्ज देणाऱ्याला पत्र

मालकाच्या उत्तराची वाट बघत बसू नका. मालकाला दिलेल्या पत्राची प्रत जोडून बँकेला किंवा पतसंस्थेला कळवा. यात तीन मागण्या ठेवा.

पहिली: आमच्या कंपनीकडून आलेली पण खात्याला न लागलेली रक्कम तुमच्याकडे पडून आहे का, ते तपासून लेखी कळवा. कित्येक प्रकरणं इथेच संपतात.

दुसरी: पतसंस्था असेल तर, मालकाकडून वसुलीचा तुमचा कायदेशीर अधिकार वापरा. संस्थेचे पदाधिकारी कंपनीतलेच सहकारी असतात, मॅनेजमेंटला दुखवायला कचरतात आणि सोपा मार्ग म्हणून जामीनदाराच्या पगारावर हात घालतात. हे होऊ देऊ नका. ‘माझ्या पगारातून कपात झालेली आहे, सोबत स्लिप आहे, म्हणून जामीनदाराकडून वसुली करू नये’ असं स्पष्ट लिहा आणि त्याची प्रत जामीनदाराला स्वतः नेऊन द्या. त्याला बातमी तुमच्याकडून कळली पाहिजे, स्लिपवरून नाही. संस्था ऐकत नसेल तर तक्रार जिल्हा रजिस्ट्रार, सहकारी मंडळ्या यांच्याकडे.

तिसरी, बँकेसाठी: दंड मागे घ्या. १ एप्रिल २०२४ पासून नव्या कर्जांवर बँकांना दंडव्याज लावता येत नाही, फक्त दंडशुल्क लावता येतं आणि त्या शुल्कावर पुन्हा व्याज चढवता येत नाही. स्टेटमेंटमध्ये ते कसं लावलं आहे ते बघा.

एक मुद्दा वजनदार आहे, पण जपून वापरायचा. १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर दिल्ली विद्युत पुरवठा उपक्रमाचं प्रकरण आलं होतं. एलआयसीच्या पगार बचत योजनेत मालकाने विम्याचा हप्ता पाठवला नाही, पॉलिसी बंद पडली, कर्मचारी वारला. न्यायालयाने म्हटलं की या योजनेत हप्ता गोळा करण्यासाठी मालक हा एलआयसीचा एजंट होता, म्हणून मालकाच्या चुकीची झळ कुटुंबाला बसू नये. तो निकाल विम्याचा आहे, कर्जाचा नाही. पण तुमच्या करारात बँकेनेच मालकामार्फत वसुलीची व्यवस्था लावली असेल, तर ‘मालकाच्या हातात पैसे गेले म्हणजे तुमच्या एजंटला पोहोचले’ हा युक्तिवाद वकिलाकडून मांडून घेण्यासारखा आहे. करारात तसे शब्द नसतील तर तो टिकणार नाही.

## टप्पा ६: तोवर हप्ता स्वतः भरायचा का?

सगळ्यात जास्त चुका इथे होतात. न्यायाने बघितलं तर दोनदा का भरायचा? बरोबर आहे. पण थकबाकीचं घड्याळ न्याय-अन्याय बघत नाही. बँकेच्या नियमात ९० दिवस थकलं की कर्ज एनपीए, म्हणजे थकीत कर्ज, ठरतं. म्हणून माझं मत प्रकारागणिक वेगळं आहे.

गृहकर्ज असेल तर एनपीए होऊ देऊ नका, कर्ज काढावं लागलं तरी बेहत्तर. एकदा एनपीए झालं की २००२ च्या सरफेसी कायद्याखाली (बँकेला तारण ताब्यात घेऊ देणारा कायदा) ६० दिवसांची नोटीस येऊ शकते आणि वाद पैशाचा न राहता घराचा होतो.

बँकेचं वैयक्तिक कर्ज असेल तर दोन हप्ते थकल्यावर, ९० दिवसांच्या आत, निदान एक हप्ता भरा. भरताना बँकेला आणि मालकाला एक ओळ लिहा: ‘ही रक्कम मी हक्क राखून भरत आहे, पगारातून झालेल्या कपातीवरचा माझा दावा कायम आहे.’ ती पावती पुढे मालकाकडून वसुलीत उपयोगी पडते. नंतर मालकाचे पैसेही आले तर जादा रक्कम कशात जमा केली ते बघा. पुढच्या हप्त्यात की मुदलात, हे तुम्ही लेखी सांगायचं.

पतसंस्थेचं कर्ज असेल तर घाईने भरू नका. तिथे कायदा मालकाच्या मागे लागण्याची सोय देतो, ती आधी वापरली जाऊ द्या. तुम्ही लगेच भरलंत की संस्थेचा आणि मालकाचा दोघांचाही ताण उतरतो आणि पुढच्या महिन्यात तेच होतं.

> सावधान: ‘रोख दे, मी भरतो’ म्हणणाऱ्या कोणाच्याही, अगदी सोसायटीच्या शिपायाच्या किंवा वसुली एजंटच्या, हातात रोख देऊ नका.

## टप्पा ७: क्रेडिट रिपोर्ट

सिबिल, एक्सपीरियन, इक्विफॅक्स आणि सीआरआयएफ हाय मार्क या चारही कंपन्यांकडून वर्षातून एकदा पूर्ण रिपोर्ट फुकट मिळतो. आधी तो काढा. थकबाकीचे दिवस चुकीचे दिसत असतील तर ऑनलाइन हरकत नोंदवा आणि स्लिप, तक्ता, बँकेचं पत्र जोडा. ३० दिवसांत निकाल न लागल्यास रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे पुढच्या प्रत्येक दिवसाला १०० रुपये भरपाई मिळते.

क्रम मात्र पाळा: आधी बँकेकडून खातं दुरुस्त करून घ्या, मग रिपोर्टवर हरकत. उलट केलंत तर क्रेडिट कंपनी बँकेलाच विचारते, बँक ‘नोंद बरोबर आहे’ म्हणते आणि हरकत फेटाळली जाते. बँकेने किंवा वित्त कंपनीने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही किंवा टाळाटाळ केली, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते, फी नाही. पतसंस्था या योजनेत येत नाहीत.

## टप्पा ८: मालक ऐकत नसेल तर अर्ज

वेतन संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली. कामगाराच्या बाजूच्या चार गोष्टी लक्षात ठेवा.

१. पगाराची मर्यादा नाही. जुना वेतन प्रदान कायदा महिना २४,००० रुपयांपर्यंतच चालायचा. आता सुपरवायझरही अर्ज करू शकतो.

२. कलम १८ मध्येच म्हटलं आहे की मालकाने कपात केली, पण कायद्याने जिथे भरायची त्या खात्यात भरली नाही, तर त्या चुकीला कर्मचारी जबाबदार धरला जाणार नाही. पीएफ आणि सहकारी संस्थेच्या हप्त्याला हे सरळ लागू पडतं. बँकेच्या वैयक्तिक कर्जाच्या बाबतीत एकट्या या कलमावर विसंबू नका, करार जोडा.

३. कलम ४५ खाली दावा तीन वर्षांच्या आत करता येतो. अधिकारी मूळ रकमेशिवाय तिच्या दहा पटींपर्यंत भरपाई देऊ शकतो. अर्ज तुम्ही स्वतः किंवा तुमची युनियन करू शकते. मात्र जुन्या कायद्यात ही मुदत फक्त १२ महिन्यांची होती, म्हणून संहिता लागू होण्याआधीच्या महिन्यांचा दावा वेगळ्या तक्त्यात दाखवा आणि तो दाखल करायला उशीर करू नका.

४. कलम ५९ प्रमाणे देणं दिलं आहे हे सिद्ध करण्याचा भार मालकावर आहे. तुम्ही कपात दाखवायची, भरणा त्याने दाखवायचा.

कुठे जायचं? खासगी कारखाना, दुकान, हॉस्पिटल असेल तर राज्याच्या कामगार आयुक्तांच्या बडोदा कार्यालयात. रिफायनरीसारखा केंद्रीय उपक्रम, तेलक्षेत्र, बँक, विमा यांत असाल तर केंद्रीय कामगार आयुक्तांच्या यंत्रणेकडे. चुकीच्या दारात अर्ज दिला की महिने वाया जातात. सरकारी खात्यातल्यांना संहितेचं हे वेतन-प्रकरण सहसा लागू नाही. त्यांनी आपल्या विभागाच्या आहरण अधिकाऱ्याकडून (पगार काढणारा अधिकारी) सुरुवात करावी.

एकट्याने अर्ज करण्यापेक्षा त्याच यादीतल्या पाच-सहा जणांनी मिळून करा. एका स्लिपला मालक ‘क्लर्कची चूक’ म्हणतो, सहा स्लिपांना म्हणू शकत नाही.

पोलिसात जायचं का? विश्वासघाताचा गुन्हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१६ मध्ये आहे आणि पीएफ व ईएसआयच्या कपातीबद्दल तिथे मालकाला स्पष्ट जबाबदार धरलं आहे. कर्जाच्या हप्त्याबद्दल तसं स्पष्टीकरण नाही, त्यामुळे पोलीस चौकीत ‘हा दिवाणी मामला’ हे उत्तर बहुधा मिळेल. स्लिपवर पीएफही कापलेला आणि न भरलेला आढळला, तर गोष्ट वेगळी. पीएफ पासबुक लगेच बघा. जो हप्ता दाबतो तो बऱ्याचदा पीएफही दाबतो.

## कंपनी डबघाईला आली असेल

मालकाची चूक नसून पैसेच संपले असतील, तर ते आधी पगाराच्या तारखांवरून कळतं. ७ चे १५, मग २५. अशा वेळी टप्पा ४ चं पत्र तुंबवून ठेवू नका.

कंपनीवर दिवाळखोरीची कार्यवाही सुरू झाली तर मालकाविरुद्धचे दावे थांबतात आणि त्या कार्यवाहीसाठी नेमलेल्या दिवाळखोरी व्यावसायिकाकडे (रिझोल्युशन प्रोफेशनल) दावा द्यावा लागतो. कामगार-कर्मचाऱ्यांसाठी फॉर्म डी असतो. वर्तमानपत्रातल्या जाहीर सूचनेत शेवटची तारीख असते. त्यात पगाराच्या थकबाकीबरोबरच ‘कापलेला पण न भरलेला हप्ता’ ही वेगळी ओळ लिहा. बहुतेक जण फक्त पगार लिहितात आणि ही रक्कम कायमची सुटते.

## ज्यांच्या हातात पगारपत्रक आहे त्यांच्यासाठी

लहान युनिटचे अकाउंटंट आणि मालक बेइमानीने नव्हे, तर पद्धत नसल्यामुळे यात अडकतात. तुमच्या कामाचा क्रम असा ठेवा:

१. संस्थेचं लेखी मागणीपत्र आणि कर्मचाऱ्याचा करार, दोन्ही फायलीत असल्याशिवाय कपात सुरू करू नका. तोंडी सांगण्यावर कापलेला हप्ता बेकायदा कपात ठरू शकतो.

२. पगाराआधी ५० टक्क्यांची बेरीज तपासा. जास्त होत असेल तर कर्मचाऱ्याला आणि संस्थेला त्याच दिवशी कळवा. गुपचूप कमी कापू नका.

३. कापलेली रक्कम त्याच दिवशी वेगळ्या खात्यात काढा. कच्च्या मालाच्या बिलासाठी ‘दोन दिवस वापरू’ असं ठरवलेले हेच पैसे पुढे दोन महिने अडकतात, आणि ते कंपनीचे नसतातच.

४. पाठवताना यादीत खाते क्रमांक, नाव, कर्मचारी क्रमांक, रक्कम लिहा. यादीची बेरीज आणि एनईएफटीची रक्कम जुळवा. यूटीआर स्लिपवर छापा. एवढ्याने निम्म्या तक्रारी थांबतात.

५. माणूस नोकरी सोडतो तेव्हा संस्थेला लगेच कळवा. राजीनाम्यानंतर अंतिम वेतन दोन कामकाजाच्या दिवसांत द्यायचं आहे, म्हणजे संस्थेकडून शिल्लक रकमेचं पत्र आणायला तुमच्याकडे फार वेळ नसतो.

## नोकरी सोडताना आणि कर्ज फिटल्यावर

नोकरी सोडताना फुल अँड फायनलच्या (अंतिम हिशेबाच्या) कागदावर सही करण्याआधी त्यात कापलेली कर्जाची रक्कम कर्जखात्यात जमा झाल्याचा यूटीआर मागा. ‘सर्व हिशेब पूर्ण, काही येणं नाही’ या ओळीखाली सही झाली की मागचे न भरलेले हप्ते सिद्ध करणं कठीण होतं. सही करावीच लागली तर बाजूला हाताने लिहा: ‘कर्जकपातीच्या भरण्याचा हिशेब बाकी.’

शेवटचा हप्ता गेल्यावर कर्ज देणाऱ्याकडून बाकी नसल्याचा दाखला घ्या आणि त्याची प्रत कंपनीला देऊन कपात बंद करायला लेखी सांगा. पतसंस्थेने मालकाला ‘कर्ज फिटलं’ असं कळवलं नाही तर कपात चालूच राहते, कारण मालकाच्या फायलीत जुनं मागणीपत्र जिवंत असतं. पुढच्या दोन महिन्यांच्या स्लिपा बघा. एखादा हप्ता जादा कापला गेला असेल तर तो संस्थेत पोहोचला की कंपनीकडेच राहिला, हे त्याच तक्त्यात शेवटची ओळ म्हणून तपासा आणि ज्याच्याकडे आहे त्याच्याकडून परत मागा. जामीनदारालाही दाखल्याची एक प्रत द्या, म्हणजे त्याला स्वतःच्या कर्जासाठी मोकळं होता येईल.